दिनकरची केस माझ्यासमोर आली तेव्हा

“अण्णा, अरे सुन तो ले! उद्या सकाळी ते लोक शेड पाडायला येऊन राहिलेत!”

भर हायकोर्टात मागच्या बाकावरून दिनकर ओरडला आणि हशा पिकला. मी जजच्या खुर्चीत. मला हसता येईना.

माझी गाडी जरा वेड्यावाकड्या रस्त्यानेच गेली. लंडनहून बॅरिस्टर होऊन आलो, वकिली केली, उज्जैनचा आमदार झालो, राजकारणाचा वीट आल्यावर परत काळा कोट चढवला आणि शेवटी जज झालो. निवडणुकीत माझा सगळा प्रचार दिनकरने अंगावर घेतला होता. बायको गेल्यावर तर उज्जैनला असलो की मी जेवायला त्याच्याच घरी.

उज्जैनमध्येच भैरवगढला त्याची कापडछपाईची शेड. रस्तारुंदीत ती पाडणार, अशी नोटीस आली होती. त्याला हवा होता स्टे, म्हणजे निकाल लागेपर्यंत पाडू नका असा हुकूम.

मी वकिलांना म्हणालो, “ये मेरे पुराने मित्र हैं. मैं नहीं सुनूँगा.”

सरकारी वकील भला माणूस. “माय लॉर्ड, हमें कोई आपत्ति नहीं. आप ही सुन लीजिए.”

मोह झाला, खोटं कशाला बोलू! केस स्टे देण्यासारखीच होती. पण मी दिला असता, तर तो कितीही रास्त असला तरी मित्राला दिलेला स्टे ठरला असता. फाइलवर लिहिलं, ‘नॉट बिफोर मी’. ही केस माझ्यापुढे नको, एवढाच त्याचा अर्थ. दुसऱ्या बेंचपुढे आजच ठेवा, असंही लिहिलं. फाइल तिथे पोचेपर्यंत ते कोर्ट उठलं होतं.

स्टे दुसऱ्या दिवशी मिळाला. जेसीबी सकाळीच येऊन गेला होता.

रविवारी त्याच्या घरी गेलो. दिनकर घरालगतच्या शेडच्या पडक्या भिंतीशी बसून छपाईचे लाकडी ठसे पुसत होता.

“वकील सांगत होता, दोन्ही पार्टी तयार होत्या.”

“होत्या.”

“मग?”

“दिनकर, कायद्यानं मला...”

“कायदा छोड, अण्णा. तुला तुझं नाव जपायचं होतं. माझी शेड गेली.”

वहिनी दारात आल्या, मला पाहिलं आणि आत गेल्या. जेवायला थांबा, असं कोणी म्हणालं नाही. फार लागलं मला ते. त्यानंतर मी त्या घरी गेलो नाही, त्यांनी बोलावलंही नाही.

आदेश बरोबर होता. आजही तोच देईन. आता रिटायर होऊन उज्जैनलाच फ्रीगंजमध्ये एकटा राहतो. तरुण वकील भेटायला येतात, विचारतात, “सर, जज व्हायला काय यावं लागतं?”

मी सांगतो, “स्वयंपाक.”

त्यांना गंमत वाटते.