अंदाजाखाली सही

पावसाचे अंदाज देणाऱ्या माणसाला किस्से शोधत फिरावं लागत नाही. अंदाज बरोबर आला तर कुणाच्या लक्षात राहत नाही, चुकला की गल्लीभर किस्सा होतो! परळच्या आमच्या ऑफिसात तर ढीग साचलाय. त्यातून आमचे बॉस सावंतसाहेब यांचा नियम असा, की ज्याची अंदाजाखाली सही, त्याने दिवसभर तो पाळायचा. ‘कोरडं’ लिहिलंस? मग छत्री घ्यायची नाही!

*

साहेब राहतात लालबागला. मसाल्याच्या दिवसांत शेजारणी विचारतात, “भाऊजी, गच्चीवर मिरच्या घालू ना?”

“तुरळक ठिकाणी मेघगर्जनेसह पावसाची शक्यता.”

“ते ऱ्हाऊ द्या हो! आमच्या मिरच्यांवर पडणार का, तेवढं बोला!”

*

एकदा विदर्भातून फोन. “साहेब, नुसतंच गडगडलं, थेंब नाही!”

साहेब शांतपणे म्हणाले, “गडगडाट बरोबर आला ना? मग अर्धे मार्क द्या!”

*

माझ्या सहीचं ‘कोरडं’ हवामान मला करी रोडपर्यंत धो धो भिजवून गेलं. दारात बायको उभी.

“आज काय लिहिलंवतं?”

“कोरडं.”

“मग टॉवेल कशाला पायजे?”

*

उलटंही होतं. शिवडीच्या बसस्टॉपवर रणरणत्या उन्हात साहेब काळी छत्री उघडून उभे. पोरं हसली, “काका, पाऊस कुठाय?”

“माझ्या सहीत आहे!”

*

पण आमच्या ऑफिसातल्या कांबळे मॅडमची सर कुणालाच नाही. मुलीची हळद गच्चीवर, मे महिन्यातली संध्याकाळ. मॅडम त्या दिवशीही सकाळी ड्युटीवर आल्या आणि सही केली: ‘संध्याकाळी विजांसह जोरदार पाऊस.’ लगेच घरी फोन, “मांडव खाली पार्किंगमध्ये घ्या!”

नवरा भडकला. “अगं, लायटिंग झालंय, डीजे चढवलाय वर! आभाळात एक ढग तरी दिसतोय का?”

“सही केलीय मी.”

सगळं खाली आलं. सहा वाजले, सात वाजले, आकाश स्वच्छ. पाहुणे आणि आम्ही ऑफिसवाले गाड्यांच्या मधे अंग चोरून बसलेलो. नणंदा टोमणे मारत होत्या, लेक रडवेली झाली होती. मॅडमचा चेहरा बघवेना. मला फार वाईट वाटलं. स्वतःच्या मुलीच्या हळदीत पाऊस मागणारी आई मी पहिल्यांदाच बघत होतो!

आठच्या सुमाराला कडाडकन वीज पडली. मग असा कोसळला, की गच्चीवर राहून गेलेले मांडवाचे पडदे शेजारच्या टॉवरवर जाऊन लटकले. मॅडम हळद माखलेल्या हातांनी डीजेसमोर नाचायला लागल्या!

नाच थांबल्यावर मुलाची आई धावत आली. तिने मॅडमचे दोन्ही हात धरले. “विहीणबाई, मानलं तुम्हाला! आता परवाचं सांगा. लग्न मोकळ्या मैदानात आहे, पाऊस येणार का?”

मॅडम घाम पुसत म्हणाल्या, “काय माहीत बाई! परवा मी रजेवर आहे!”