पडद्यामागची बायको

त्या इंजिनिअरचं आणि माझं कधी जमलं नाही. आजही जमत नाही. आधीच सांगून ठेवतो, म्हणजे मागून कोणी म्हणायला नको की मी त्याच्याविषयी सरळ मनानं लिहिलं नाही.

रविवारची बैठक माझी. कल्पना माझी, घर माझं, सतरंजीसुद्धा माझ्या आईनं पारशिवनीहून पाठवलेली. मी कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवायचो, बायको मुलींच्या कॉलेजात मानसशास्त्र, आणि शेजारचे डॉक्टर वेड्यांच्या इस्पितळातून निवृत्त झालेले. मन कुठं असतं, आपल्याला एखादी गोष्ट कळते म्हणजे आत नेमकं काय होतं, यावर आम्ही तिघं नागपूरच्या धरमपेठेतल्या आमच्या भाड्याच्या घरात दर रविवारी सकाळी भांडायचो. आम्हाला मूलबाळ नव्हतं, त्यामुळे रविवार संपता संपायचा नाही. बोलायचो बहुतेक मीच. बायको चहा आणायची, बसायची, ऐकायची. छान चाललं होतं.

मग डॉक्टरांनी याला आणलं. इंजिनिअरिंग कॉलेजात शिकवायचा, जरीपटक्यात खोली करून राहायचा, एकटा जीव सदाशिव. मुंबईला जाऊन त्यानं कॉम्प्युटर डोळ्यांनी पाहिला होता, आणि ते यंत्र माणसासारखा विचार करू शकेल का, हा त्याच्या डोक्यातला किडा. पहिल्याच दिवशी त्यानं आमच्या फरशीवर खडूनं चौकोन काढले. दिसलेलं इथून आत जातं, इथं साठतं, इथून शब्द होऊन बाहेर येतं.

मी म्हटलं, "अन् आत्मा कोणत्या चौकोनात बसवता?"

डॉक्टर हसले. तो हसला नाही. बायकोकडे वळून म्हणाला, "वहिनी, विसरणं कुठं दाखवायचं, तेच मला कळत नाही."

तिनं कप खाली ठेवला. "विसरणं म्हणजे..."

"स्मृतीचा अभाव," मी म्हणालो.

"सर, वहिनींना बोलू द्या ना."

माझ्या घरात, माझ्या सतरंजीवर बसून! आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो हाच. आणि ती बोलली की हो. चहावर साय धरेपर्यंत बोलली. त्याच्या हातचा खडू घेऊन तिनं त्याचे दोन चौकोन तळहातानं पुसले आणि तिसराच काढला. तो खूश होऊन मांडीवर थापा मारायला लागला.

तिथून माझं सुख गेलं. रविवारी ती ठेवणीतली साडी नेसते, असं मला दिसायला लागलं. मी दोन हिवाळे मागत होतो ती सांबारवडी, ताज्या कोथिंबिरीची, तळलेली, याच्यासाठी एका हाकेत तयार. एकदा तो म्हणाला, "वहिनींचं डोकं मशीनसारखं चालतं." ती लाजली! मी मशीन म्हटलं असतं तर चार दिवस अबोला धरला असता. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड व्हायचा. तिच्याजवळ काही बोलावं, तर बोलणार काय? चौकोन काढू नको म्हणून?

त्यात बंगलोर निघालं. तिथल्या एका संस्थेत वर्षभराचा अभ्यासक्रम होता. मानसशास्त्र, भाषा, मेंदू आणि कॉम्प्युटर, सगळे एका छताखाली बसून मनाचा अभ्यास करणार. इंजिनिअरनं अर्ज केला, तिलाही करायला लावला. मी म्हटलं, कर बापा, मिळणार आहे थोडंच. दोघांनाही बोलावणं आलं. ती हो म्हणेना, नाही म्हणेना. मग मीच चारचौघांत सांगून टाकलं, "ती नाही जायची. तिला घर सोडवत नाही." ती तिथंच उभी होती. काही बोलली नाही. याचा अर्थ काय होतो, तुम्हीच सांगा.

एप्रिलमधल्या एका रविवारी इंजिनिअरनं तो खेळ काढला. यंत्र माणूस म्हणून खपतं का हे पाहायचं, तर ते पडद्यामागं ठेवायचं, शेजारी खरा माणूस ठेवायचा, आणि प्रश्न विचारून ओळखायचं. "आपल्याकडे यंत्र नाही. तर वहिनी राहतील वहिनी, अन् मी होतो नकली वहिनी. वहिनींनी खरी उत्तरं द्यायची, मी बनवायची. सर ओळखतील."

डॉक्टर म्हणाले, "बायको ओळखायची आहे गा प्राध्यापक! काहून घाबरून राहिला?"

"घाबरतो कशाला? खोकल्यावरून ओळखतो तिला मी," मी म्हणालो. आणि इंजिनिअरच्या तोंडावरचं हसू पाहून तोंडातून निघून गेलं, "ओळखलं तर बंगलोरचा विषय बंद. पुन्हा नाव काढायचं नाही."

"आणि नाही ओळखलं तर?" बायकोनं विचारलं.

"तर जा खुशाल!"

मधल्या दाराला पडदा होता. त्याच्यामागं बायको स्वयंपाकघरात बसली, इंजिनिअर झोपण्याच्या खोलीत. डॉक्टर आत जाऊन दोघांच्या कानगोष्टी ऐकून यायचे आणि नाव न घेता, एक नंबर आणि दोन नंबर म्हणून, आपल्या आवाजात मला सांगायचे. त्यांना कमी ऐकू यायचं म्हणून कूलर बंद केला. नागपूरचा एप्रिल, बसल्या जागी घामाच्या धारा. पण मी निश्चिंत होतो.

मी विचारलं, सगळ्यांत जास्त काय खायला आवडतं?

डॉक्टर जाऊन आले. "एक नंबर म्हणते, तुम्हाला आवडते तीच, बेसनाच्या पाटोडीची भाजी. दोन नंबर म्हणते, गाडीवरचे तर्री-पोहे. तर्री जास्त."

मी हसलोच. माझ्या पित्तापायी आमच्या घरात तिखट वर्ज्य. इतक्या वर्षांत तिनं लाल रस्सा तोंडाला लावलेला मी पाहिला नव्हता. फसला बेटा!

दुसरा प्रश्न मुद्दाम टाकला. माझ्या कशाचा राग येतो?

"एक नंबर म्हणते, सायकल थेट घरात आणता, पुसलेली फरशी घाण होते. दोन नंबर म्हणते, माझं वाक्य तुम्ही पूर्ण करता."

हे तर उघडच त्याचं. पहिल्या दिवसापासून त्याच्या पोटात दुखत होतं ते बाहेर आलं, असं मी धरलं. सायकलवरून ती रोज बोलायची. आता शेवटचा विचारला. बंगलोरला जायचं आहे का?

या वेळी डॉक्टरांना परतायला वेळ लागला. आले ते चष्मा पुसत. "एक नंबर म्हणते, मी गेल्यावर यांच्या जेवणाचं कोण पाहील? मला आपलं घरच बरं." मग थांबून म्हणाले, "दोन नंबर म्हणते, हो. फार."

मी मांडीवर थाप मारून उठलो. "ये वं बाहेर, एक नंबर!"

पडदा सरकला आणि एक नंबर बाहेर आला. शर्टाला घाम पुसत, इंजिनिअर. त्याच्यामागं स्वयंपाकघराच्या दारात बायको. ती माझ्याकडे पाहत होती, हसत नव्हती.

मी संतापलो की बोलीनं गावचा, पारशिवनीचा होतो. "माह्या घरातलं तुले कसं ठाऊक? पाटोडी, सायकल! कवा सांगितलं तिनं? काहून सांगितलं?"

तो बिचकला. म्हणाला, "वहिनींनी काहीच नाही सांगितलं सर. तुम्हीच सांगता ना, दर रविवारी. हिला पाटोडी आवडते, ही सायकलवरून कटकट करते, हिला घर सोडवत नाही. वहिनींच्या मनात काय आहे ते मला कुठं माहीत? तुम्ही सांगता ती बाई झालो मी."

तिनं चोरून सांगितलं असतं तर बरं झालं असतं. भांडायला तरी काही उरलं असतं. डॉक्टरांनी चपला घातल्या, इंजिनिअर त्यांच्यामागं निघाला, आणि जाताना कूलर सुरू करून गेला. मेल्याला तेवढं मात्र सुचलं.

"तू मुद्दाम खोटी उत्तरं दिलीस," मी बायकोला म्हणालो. "जायला मिळावं म्हणून."

"एकही नाही."

"तर्री-पोहे?"

"लग्नाआधी महाल भागात राहायचो तेव्हा दर रविवारी खायचे मी. भावाबरोबर." मग पडदा सारखा करत म्हणाली, "ओळखलं नाही त्याचं इतकं वाईट नाही वाटलं हो. दोघींतली ती पाटोडीवाली तुम्हाला लगेच पसंत पडली, त्याचं वाटलं."

शब्द दिला होता, तो मोडता येत नव्हता. जूनमध्ये ती निघाली. गाडी सकाळची, आणि त्याच डब्यात तोही. तो सामान घेऊन पुढे फलाटावर गेला. तिची पेटीसुद्धा त्यानंच उचलली, माझ्या हातातून घेऊन. मी दात-ओठ खाल्ले आणि तिला स्टेशनबाहेरच्या पोह्यांच्या गाडीवर नेलं.

पोह्यांवर लालभडक तर्री पडली. तिनं पहिला घास घेतला, नाक ओढलं, डोळे पुसले, दुसरा घेतला. इतकी खूश झालेली मी तिला रविवारीच पाहिली होती, आणि कोणामुळे तेही पाहिलं होतं. आता वर्षभर रोजच रविवार. माझ्या तोंडात घास फिरत होता. फलाटाकडून शिट्टी ऐकू आली.

"मला तिथं..." ती म्हणाली आणि सवयीनं थांबली.

'करमणार नाही' माझ्या जिभेवर तयार होतं. मी ते तर्रीबरोबर गिळलं. ठसका लागला तरी बोललो नाही. तिनं जरा वाट पाहिली, माझ्याकडे पाहिलं.

"मला तिथं करमेल," ती म्हणाली, आणि प्लेट पुढे करून पोहेवाल्याकडे आणखी तर्री मागितली.