अंगारा लावलेले बूट

मित्रांनो, मी कोल्हापूर सोडलं त्या सकाळी निम्मी पेठ एसटी स्टँडवर आली होती. तुम्ही हार घातलेत, शिट्ट्या मारल्यात. माझे वडील, आबा, मात्र आले नव्हते. त्यांनी तालमीतच निरोप दिला होता. मॅचच्या दिवशी लावतात तसा मारुतीचा अंगारा त्यांनी माझ्या बुटांच्या टोकांना लावला आणि म्हणाले, "जा. पन पेठंची मॅच असली की यायचं." चाकणला कंपनीच्या फुटबॉल टीममधून खेळायला निघालो होतो. मी मान डोलावली.

पुढे गुडघा गेला आणि खेळ सुटला. कंपनीने कामावर ठेवलं, वर कोच केलं. फर्स्ट शिफ्ट संपली की चाकणजवळच्या निघोजे गावाच्या मैदानावर प्रॅक्टिस. मुरमाड जमीन, शेजारून कंटेनर चाललेले, माझी शिट्टी कुणाला ऐकू जायची नाही. खेळाडू कोण, तर निघोज्याच्या शेतकऱ्यांची पोरं आणि लातूर-बीडकडून कामाला आलेली. फुटबॉल म्हणजे नुसतं पळायचं, अशी त्यांची समजूत. पेठेत शिकलो ते सगळं मी त्यांना शिकवलं, अंगारा सोडून. टीम जिंकायला लागली. कप ठेवायला कंपनीने रिसेप्शनमध्ये काचेचं कपाट केलं. लोक मला यशस्वी कोच म्हणतात. असेनही.

मग कोल्हापूरच्या स्पर्धेत आमची टीम फायनलला गेली आणि समोर आली आपल्याच पेठेची, आपल्या तालमीची टीम.

त्या सकाळी टीमला लॉजवर ठेवून मी बाहेर पडलो आणि पाय सवयीने तालमीकडे वळले. काखेत बुटांची पिशवी होती. कोचला बूट कशाला लागतात? पण मॅचच्या दिवशी तिथे रिकाम्या हाताने कधी गेलोच नव्हतो. तुमची पोरं ओळीत उभी होती, आबा एकेकाच्या बुटाला अंगारा लावत होते. मीही ओळीच्या शेवटी उभा राहिलो आणि पाळी आल्यावर बूट पुढे केले. अंगावर कंपनीचा टी-शर्ट आहे, हे तेव्हा ध्यानात आलं. आबांचं बोट ताटलीतच थांबलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि मागे वळून कुणाला तरी सांगितलं, "पाव्हण्यास्नी पाणी द्या रं."

रागाने म्हणाले असते तर बरं झालं असतं. मी पाणी प्यालो, तांब्या खाली ठेवला आणि निघालो.

आम्ही जिंकलो. आमच्या निघोज्याच्या कॅप्टनने मला खांद्यावर घेतलं. "सर, आपन जिकलो राव! तुमी हसत का नाय?" मी हसलो. आनंद झाला नाही, वाईटही वाटलं नाही. दात काढायला इंजेक्शन दिल्यावर गाल आपला वाटत नाही, तसं झालं होतं. ते अजून उतरलेलं नाही.

परवा आबा डोळ्याच्या ऑपरेशनसाठी इकडे माझ्याकडे रहाटणीला आले. माझ्या फ्लॅटवर पहिल्यांदाच. बायको पाणी घेऊन पुढे आली, तर म्हणाले, "मी काय पाव्हणा हाय व्हय?" आणि चपला काढून थेट स्वयंपाकघरात गेले. स्वतः माठातलं पाणी घेतलं, भांडं धुऊन पालथं घातलं. मी दारातच उभा होतो.

तुम्ही फोनवर विचारता, घरी कधी येतोस. येईन. आलो की आधी तालमीच्या दारात थांबेन. कुणी पाणी आणलं नाही, तर आत येईन.