गोलासमोरचा कॉनी बुर्वाल

बर्फावरच्या हॉकीत गोलासमोर उभं राहायचं, एवढाच कॉनी बुर्वालचा धंदा. पक, म्हणजे रबराची चकती, घेऊन वाऱ्यासारखे पळणारे वेगळे, लांबून सणसणीत फटका हाणणारे वेगळे. कॉनीने जायचं, समोरच्या गोलरक्षकाच्या नाकापुढे ठाण मांडायचं आणि त्याला काही दिसू द्यायचं नाही. त्याबद्दल समोरचे खेळाडू जे देतील ते निमूट घ्यायचं. कोपर मानेत, काठी कमरेत, गुद्दा हेल्मेटवर. मागून आलेला पक त्याच्या काठीला, गुडघ्याला, पाठीला लागून जाळ्यात गेला की गोल त्याच्या नावावर.

"तुझे निम्मे गोल ढुंगणाने मारलेले आहेत," आमचा फिनिश गोलरक्षक तापिओ म्हणायचा.

"मग? तेही माझंच आहे ना," कॉनी म्हणायचा, आणि कपडे बदलायची अख्खी खोली हसायची.

मी ग्रानसेले गावच्या बर्फाच्या हॉलमध्ये उद्घोषक होते. उत्तरेतल्या गावोगावी नाटकं करत हयात गेली. मंडळी मोडली, गुडघे गेले, आवाज तेवढा उरला. तो क्लबने ठेवून घेतला. छतालगतच्या काचेच्या खोलीतून मी गोल करणाऱ्याचं नाव पुकारायची. त्यालाही जागा कळावी लागते. "कॉनी" म्हणायचं आणि श्वासभर थांबायचं, म्हणजे "बुर्वाल" सगळा हॉल म्हणतो. कागद गिरणीच्या पाळीवरून थेट आलेली माणसं, अंगाला लगद्याचा वास, हातात कॉफीचा कप, आणि घशातून ते एक नाव. आमच्या चांगल्यातल्या चांगल्या नाटकालाही तशी दाद मिळाली नव्हती, पण मला त्याचं वाईट वाटलं नाही. त्या पोराने ती कमावली होती.

त्याची आई गुन्वोर आमच्या मंडळीचे पोशाख शिवायची. नवरा गिरणीत, ती शिलाई मशीनवर, आणि कॉनी सदा बर्फावर. अठराव्या वर्षी तो पहिल्या संघात आला. मग दक्षिणेतल्या एका मोठ्या संघाने त्याला नेलं. तिथे तो दोन हंगाम बहुतेक बाकावरच बसला. अमेरिकेतल्या एका क्लबने सराव शिबिराला बोलावलं, तिथूनही पानगळीच्या आतच परत आला. गुन्वोरने विचारलं, "काय झालं रे?"

"कॉफी पातळ होती," तो म्हणाला.

त्यानंतर ग्रानसेले सोडून तो कुठे गेला नाही. गावात त्याचं लग्न झालं, आनेलीशी, आमच्या दंतवैद्याकडे काम करणाऱ्या पोरीशी. दोन मुली झाल्या. गुन्वोर गेली तेव्हा शवपेटी उचलणाऱ्यांत सगळे हॉकीवाले होते, सूट आखूड आणि नाकं वाकडी. तेव्हापासून त्या घरातली म्हातारी म्हणजे मीच.

डोक्याला मार बसायला केव्हा सुरुवात झाली, हे कुणी सांगू शकत नाही. जे मोजले गेले ते नंतरचे. एकदा तो आठवडाभर पडदे लावून पडून होता. दुसऱ्या वेळी धाकटीचं नाव त्याच्या तोंडात येईना. ती समोर उभी आणि हा चुटक्या वाजवतोय. तेव्हा आनेलीने जेवणाच्या टेबलावर हात ठेवला आणि माझ्यादेखत त्याला म्हणाली, "या वेळी परीक्षा खरी द्यायची. शपथ घे."

ही परीक्षा म्हणजे काय, ते सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. हंगामाच्या सुरुवातीला प्रत्येक खेळाडूला संगणकासमोर बसवतात. पडद्यावर शब्द येतात, जातात, मग त्यांतले कोणते आले होते ते ओळखायचं. आकृत्या लक्षात ठेवायच्या, रंग बदलला की कळ दाबायची. धडधाकट डोक्याचे जे गुण येतील ते ठेवून देतात. पुढे कुणाला मार बसला की तीच परीक्षा पुन्हा. गुण घसरले तर खेळायचं नाही. घसरले नाहीत तर चल, चढव स्केट्स.

आणि जुने खेळाडू काय करायचे? सुरुवातीलाच मुद्दाम चुका करायचे. तालमीतच इतकं वाईट काम करून ठेवायचं, की प्रयोगात पडलं तरी कुणाला फरक दिसू नये. नव्यांना हे कुणी शिकवत नसे, ते बघूनच शिकत. कोचला ठाऊक होतं, क्लबच्या डॉक्टर सीवला संशय होता, आणि सगळे आपापल्या कॉफीत बघत.

आनेलीला याचीच भीती होती. सीव नोर्डलांडर हिने आधीच बजावलं होतं, "कॉनी, आणखी एकदा गुण घसरले की संपलं. मग माझ्याशी घासाघीस करू नकोस." म्हणजे खरी परीक्षा दिली तर पुढच्या दणक्याला खेळ सुटणार. खोटी दिली तर खेळ टिकणार, डोकं जाणार. कॉनीने शपथ घेतली.

ऑगस्टच्या अखेरीस परीक्षा झाली. हॉलमधल्या कॉफीच्या खोलीलगतच संगणक ठेवला होता, आणि मी दालचिनीचा बन खात बसले होते. एकेक जण दहा-पंधरा मिनिटांत शिट्टी वाजवत बाहेर येई. कॉनीला फार वेळ लागला. आला तेव्हा कपाळावर घाम होता. पाठोपाठ गुण कळले, कारण आमच्या हॉलमध्ये काही लपत नाही.

तापिओने टेबलावर हात आपटला. "बाबांनो, उस्तादाला नमस्कार करा! इतके कमी गुण तर रस्त्यात गाडीखाली आलेल्या एल्क हरणालाही पडले नसते!"

"मला जरा शिकव ना, कॉनी," एक नवा म्हणाला. "एवढं वाईट कसं करतात?"

"सवय लागते," कॉनी म्हणाला.

सगळे हसले. त्यानेही कप उचलला आणि हसला. मी पाहिलं आणि मनात म्हटलं, मोडली शपथ. आनेलीला यातलं मी काही बोलले नाही. नवरा-बायकोच्या मधे म्हाताऱ्या माणसाने पडू नये असं माझं मत होतं, आणि तिच्यापर्यंत ते पोचलंच. आमचं गाव केवढं! महिनाभर ती त्याच्याशी कामापुरतं बोलत होती. तो काही खुलासा करायला गेला नाही.

तो हंगाम वाईट होता. गिरणीचं एक यंत्र बंद पडलं ते पडलंच, माणसं दक्षिणेकडे निघून गेली, हॉलमध्ये रिकाम्या खुर्च्या दिसू लागल्या. आमचा संघ तळाला. खालच्या वर्गात ढकललं जाऊ नये म्हणून वसंतात पात्रता फेरी खेळावी लागणार हे ख्रिसमसलाच स्पष्ट झालं होतं. आणि फेब्रुवारीत, एका साध्या सामन्यात, मैदानाभोवतीच्या कठड्यावर दाबला जाताना कॉनीच्या डोक्याला मार बसला. त्याने हेल्मेट काढलं, बर्फाकडे बघितलं, जणू काही तिथे पडलंय, आणि आत गेला.

चार दिवसांनी पुन्हा परीक्षा. सीवने गुण पाहिले, मग ऑगस्टचे पाहिले. तंतोतंत नसले तरी जवळपास तेच.

"डोकं दुखत नाही? गरगरत नाही?"

"नाही."

"बरं वाटतंय?"

कॉनीने ओठ आवळून श्वास आत ओढला. आमच्या उत्तरेत 'हो' असंच म्हणतात, तोंडही उघडावं लागत नाही.  सीवपाशी आकडे होते आणि आकडे त्याला जाऊ देत होते.

पात्रता फेरीचा शेवटचा सामना घरचा होता. जिंकलो तर टिकलो. हॉल भरला होता, कित्येक वर्षांत नव्हता इतका. गाव सोडून गेलेलेही रात्रभर गाडी हाकून आले होते. मी गळ्याला मफलर गुंडाळून बसले होते आणि पहिलं नाव पुकारताना मला स्वतःचाच आवाज तरुण वाटला.

दुसऱ्या भागात कॉनीने गोल केला. नेहमीसारखाच, मागून आलेला पक त्याच्या मांडीला लागून आत. "कॉनी," मी म्हटलं आणि थांबले, आणि त्या दिवशी जे "बुर्वाल" उठलं त्याने माझ्या खोलीची काच थरथरली.

तिसऱ्या भागात त्याला कुणी तरी धक्का दिला. मोठा नव्हे. असे धक्के एका सामन्यात वीस बसतात. तो पडलाही नाही. खेळाडूंची फळी बदलायची खूण झाली, आमची मुलं आपल्या बाकाकडे वळली, आणि कॉनी शांतपणे बर्फ ओलांडून समोरच्या संघाच्या बाकाकडे गेला. दार उघडलं, आत शिरला, त्यांच्या दोघांच्या मधे जागा करून बसला आणि पाण्यासाठी हात पुढे केला.

हॉल हसला. मला ते आजही ऐकू येतं. कॉनी हा गावाचा विनोदी नट होता. प्रेक्षकांना वाटलं, ऐन रणात सुद्धा हा पठ्ठ्या समोरच्यांची टर उडवतोय. टाळ्या पडल्या. कुणी तरी ओरडलं, "आमच्या पोराला पाणी द्या रे, कंजूषांनो!"

त्यांच्या बाकावर एक लाल दाढीवाला होता, वर्षानुवर्षं कॉनीशी कोपराकोपरी केलेला. तो हसला नाही. त्याने पाण्याची बाटली कॉनीच्या हातात दिली, त्याच्या खांद्यावर हात टाकला आणि दुसरा हात वर करून पंचाला हाक मारली. तो हात वर गेला तसा हॉल हळूहळू गप्प झाला, एकेक रांग करून. मी आयुष्यभर प्रेक्षागृहाच्या शांततेवर जगले. असली शांतता पुन्हा ऐकायला मिळू नये.

सामना आम्ही हरलो. त्याबद्दल मला जास्त सांगता येणार नाही, पुढचा खेळ मी पाहिलाच नाही.

दहा दिवसांनी मी त्या दोघांना गाडीतून सीवकडे घेऊन गेले. आनेलीने किल्ली माझ्या हातात दिली होती, आणि कॉनीला गाडी चालवायची मनाई होती. त्याने काळा चष्मा घातला होता. सीवने खिडकीचा पडदा ओढून घेतला आणि आवाज खाली आणला.

"कॉनी, आता चोरी पकडायला बसलेली नाही मी. मला फक्त हिशोब लागायला हवा. तुझे आत्ताचे गुण फारच कमी आहेत. पण ऑगस्टमध्ये तू मुद्दाम चुका केल्यास, हे सगळ्यांना माहीत आहे. म्हणजे तुझं खरं डोकं त्याहून बरं होतं. किती बरं, ते सांग. मग कुठवर परत येता येईल, याचा मला अंदाज येईल."



"सांग ना," आनेली म्हणाली. "मी रागावणार नाही. झालं ते झालं. सांगून टाक की खोटं केलंस." ती विनवत होती. शपथ मोडली असू दे, अशी विनवणी करणारी बायको मी कुठल्या नाटकातही पाहिलेली नाही.

"खोटं नाही केलं," कॉनी म्हणाला.

"कॉनी..."

"तुला शब्द दिला होता. खूप प्रयत्न केला. शब्द दिसायचे आणि जायचे." त्याने चष्मा काढला, पुसला, परत घातला. "तेवढंच होतं."

आनेली खुर्चीत मागे टेकली. तिने विचारलं, "मग तेव्हाच का नाही सांगितलंस? महिनाभर मी तुझ्याशी धड बोलले नाही."

"सगळे हसत होते," तो म्हणाला. "त्यांना वाटलं, मी त्यातला उस्ताद आहे."

सीवने पेन टेबलावर ठेवलं. परतीच्या वाटेवर नदीवरचा बर्फ फुटायला लागला होता आणि त्याचा आवाज आत येऊ नये म्हणून आनेलीने काचा वर केल्या.

पुढच्या पानगळीत क्लबने कॉनीची जर्सी छताला चढवायचं ठरवलं. हा आमच्याकडचा सर्वांत मोठा मान. त्या नंबरची जर्सी पुन्हा कुणी घालत नाही. कॉनीला दिवे सोसत नव्हते, गर्दी सोसत नव्हती, म्हणून तो येणार नाही असं आनेलीने कळवलं. दोघी मुली आल्या, एकमेकींचा हात धरून निळ्या गालिच्यावर उभ्या राहिल्या. खालच्या वर्गातला सामना, अर्धा हॉल. दोरी ओढली गेली, जर्सी वर जाऊ लागली. मी "कॉनी" म्हटलं आणि थांबले. खालून कुणालाच आवाज फुटेना. शेवटी तेही मीच म्हटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी क्लबने दिलेला केक घेऊन त्यांच्याकडे गेले, वर हिरव्या मार्झिपानचा, म्हणजे बदामाच्या गोड पिठाचा, थर असलेला. पडदे अर्धे ओढलेले. कॉनी टेबलाशी बसला होता, दाढी नीट केलेली, स्वेटर इस्त्रीचा. आनेलीने त्याला असाच ठेवलाय. मला बघून तो खूश झाला.

"ये म्हातारे! बस. आनेली, कॉफी टाक." मग केककडे पाहून त्याने विचारलं, "काल सामना होता ना? जिंकलो का?"

मला उत्तर सुचलं होतं. साधं होतं, गोड होतं आणि मी ते उत्तम म्हटलं असतं. पण आनेलीने माझ्याकडे असं पाहिलं की मी तोंड मिटलं. त्या घरात आता फक्त खरं बोलतात, कितीही जड गेलं तरी.

"हरलात," ती म्हणाली. "चार-एक."

त्याने मान हलवली. काट्याने केकचा हिरवा थर बाजूला केला, आतलं क्रीम चाखलं.

"आणि मी कसा खेळलो?"

"तू नव्हतास, कॉनी."

 बशीतला काटा त्याने सरळ करून ठेवला, मग पुन्हा जरा सरळ केला. बाहेर गिरणीचा भोंगा झाला तेव्हा तो दचकला आणि आनेलीने उठून खिडकी लावली.

"बरं झालं," तो म्हणाला आणि बशी माझ्याकडे सरकवली. "खा. तू काहीच घेतलं नाहीस."