एस्तेरमावशीचं पाचवं गीत

माझी एस्तेरमावशी जालन्यात पुस्तकांचं दुकान चालवते आणि बत्तीस वर्षांपासून आमच्या चर्चच्या उपासनेची गीतं निवडते. रविवारची चारच. पाचवं गीत आमच्यात फक्त मातीला, कबरीपाशी गातात. निवडीत कुणी नाक खुपसलं की ती फाडकन म्हणते, "गीतं निवडणं म्हंजे मेथी निवडणं न्हाई." यादी शनिवारी मला मिळते, कारण पेटी मी वाजवते.

या खेपेला तिनं सोमवारीच यादी केली आणि टेबलाच्या खणात ठेवली. मंगळवारी वडीगोद्रीचे एक मास्तर आले. दुकानातून नेलेली नवी कादंबरी त्यांनी वाचली होती. "त्यातलं ते चर्चचं गीत लई आवडलं," म्हणाले, आणि गीताचा नंबर सांगितला. यादीतला पहिला. बुधवारी अंबडच्या नर्सनं दुसरा सांगितला. शुक्रवारपर्यंत आणखी दोन वाचकांनी उरलेले दोन सांगितले. हे चौघं एकमेकांना ओळखतही नव्हते.

शनिवारी दुपारी मावशीनं मला हे सांगितलं, तेव्हा ती घाबरलेली नव्हती, चिडलेली होती. "मी पानन् पान बघितलं. या कादंबरीत एकबी गीत न्हाई, बिलकुल न्हाई!"

तेवढ्यात तीर्थपुरीच्या एक अनोळखी बाई आत आल्या. डोळे पुसत म्हणाल्या, "संपवली कादंबरी. पाचव्या गीताला लई रडले बघा."

मावशीनं हळूच विचारलं, "कुणाच्या मातीला गायलं ते?"

"ती पेटी वाजवणारी भाची मरती न्हाई का," बाई म्हणाल्या, "तिच्या."