इकबालचा वाकडा हात

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, आणि ज्यांच्याबरोबर आठ वर्षं त्या वाळूत क्रिकेट खेळलो त्यांना तर नाहीच. मग तुम्हाला का सांगतोय? तुम्ही मला ओळखत नाही, इकबालला ओळखत नाही—तेवढंच कारण असेल. धैर्यबिर्य काही नाही.

सौदीत रास तनुराला एका कंत्राटदार कंपनीत मी प्लॅनिंग इंजिनियर होतो. मोबाईलवर कॅमेरे नुकते कुठे दिसायला लागले होते, ती वर्षं. शुक्रवारी पहाटे कॅम्पामागच्या मैदानात सिमेंटच्या पट्टीवर मॅटिंग अंथरायचं आणि जुम्म्याच्या नमाजाच्या आत मॅच संपवायची. मी कॅप्टन, मीच विकेटकीपर. इकबाल आमचा फास्ट बोलर—दापोलीकडचा, कामाने स्कॅफोल्डर, म्हणजे परांची बांधणारा. दिवसभर लोखंडी पाइप खांद्यावरून वर चढवायचे आणि शुक्रवारी त्याच खांद्याने बोलिंग टाकायची. मैदानावर मला तो कॅप्टन म्हणायचा, बाहेर भेटला तरी कॅप्टनच.

एका फायनलला तो म्हणाला, खांद्यात कळ येतेय, आज नको. मी म्हणालो, दोनच ओव्हर टाक, मर्दासारख्या. त्याने टाकल्या. दुसऱ्या ओव्हरला खांदा गेला.

तुम्हाला वाटेल, हाच तो गुन्हा. नाही—हा तर मी स्वतःला केव्हाच माफ करून टाकला होता. खेळात दुखापती होतात, असं म्हणून मोकळा झालो. दवाखान्यात एकदा गेलो, मोसंबी नेली, आणि नंतर दोन वर्षं त्याच्या खोलीकडे फिरकलो नाही. कामाचा व्याप होता म्हणायचं का? तीन बराकी पलीकडे राहायचा तो.

त्याला उभं केलं ते डेल नावाच्या अमेरिकन सुपरवायझरने. हा तरुणपणी बेसबॉलमध्ये पिचर होता, म्हणजे त्यांचा बोलर. त्याचाही हात एकदा कामातून गेला होता, ऑपरेशन झालं होतं, आणि तरी तो परत येऊन खेळला होता. साइटवर एका हाताने पाइप सावरणारा इकबाल त्याने पाहिला आणि त्याच्या मागेच लागला. सायकलची जुनी ट्यूब खिडकीला बांधून व्यायाम, रोज संध्याकाळी कंटेनरच्या पत्र्यावर आखलेल्या चौकोनात चेंडू. वेग गेला तर जाऊ दे, डोकं वापर, हे त्याचं पालुपद. इकबालला इंग्रजी येत नव्हतं, डेलला हिंदी. तरी सगळं कळत होतं म्हणे.

दोन वर्षांनी इकबाल मैदानावर परत आला तो वेगळाच बोलर होऊन. पळत यायचा तसाच, पण चेंडू हातातून असा हळू सुटायचा की फलंदाजाची बॅट आधीच फिरून गेलेली असायची. पहिल्या शुक्रवारी तीन विकेट, दुसऱ्या शुक्रवारी पाच. आणि प्रत्येक विकेटनंतर तो बघायचा कुठे? बाउंड्रीवर घडीची खुर्ची टाकून बसलेल्या डेलकडे.

माझ्याकडे नाही.

आता हसाल, पण मला ते खुपलं. फार खुपलं. वाटायचं, बोलर मी घडवला आणि हा गोरा आयत्या बिळावर नागोबा! पूर्वी इकबाल माझ्या ग्लोव्हजच्या खुणेवर चेंडू टाकायचा. आता फील्डिंगसुद्धा स्वतः लावायला लागला. लोक म्हणायला लागले, कॅप्टनने मोडला, अमेरिकनने जोडला. खोटं होतं का ते? खरं होतं म्हणूनच झोंबलं.

मग मी एक कुजबुज सोडली. बेसबॉलवाले चेंडू फेकतात ना—मग त्यांच्याकडे शिकलेला फेकणारच. क्रिकेटमध्ये चेंडू टाकताना वाकलेलं कोपर सरळ झालं की तो फेकी चेंडू, नियमाबाहेर. इकबालचं कोपर वाकडं दिसायचं हे खरं. पण का, ते मला ठाऊक होतं. लहानपणी फणसावरून पडला होता, गावच्या वैदूने हाड बसवलं ते वाकडंच. ते कोपर सरळ होतच नव्हतं—कपडे वाळत घालताना नाही, नमाजात गुडघ्यांवर हात टेकून वाकताना नाही. जे सरळ होतच नाही ते चेंडू टाकताना कसं सरळ होईल? हे त्याने मला पहिल्याच मोसमात हात पुढे करून दाखवलं होतं. टीममध्ये फक्त मला. त्याला त्याची लाज वाटायची.

सेमीफायनलला रियाधहून एका कंपनीचे मॅनेजर आले होते. त्यांची स्वतःची टीम होती, आणि चांगल्या खेळाडूला ते नोकरीसकट घेऊन जायचे. इकबालला स्टोअरमध्ये बसायचं काम देणार होते. कफील, म्हणजे ज्याच्या नावावर त्याचा व्हिसा होता तो मालक, तोही सोडायला राजी होता. नाहीतर इकबालचा करार संपत आला होता, आणि त्या खांद्याने स्कॅफोल्डिंग आता होणार नव्हतं. हे सगळं मला माहीत होतं. त्यानेच येऊन सांगितलं होतं, दोन्ही हातांनी माझा हात धरून.

चार विकेट पडल्यावर समोरच्या कॅप्टनने तक्रार केली. आमच्यात पद्धत अशी की पंच म्हणजे तिसऱ्याच एखाद्या टीमचे खेळाडू असायचे, शिकलेले पंच नव्हेत; म्हणून बोलरच्या हाताबद्दल शंका आली तर ते त्याच्याच कीपरला विचारायचे. कीपर समोरून बघतो, आणि स्वतःच्या माणसाविरुद्ध कोण बोलेल? बहुतेक वेळा कीपर म्हणायचा, साफ है, आणि खेळ पुढे चालू व्हायचा.

दोघे पंच माझ्यापाशी आले. हैदराबादचा होता तो म्हणाला, "कीपर साब, आप बोलो. आप जो बोलेंगे वही फैसला."

इकबाल तिकडे रनअपच्या टोकाला उभा होता. चेंडू पँटवर घासत होता. निर्धास्त. मला विचारताहेत म्हटल्यावर त्याला कसली काळजी?

मी ग्लोव्ह काढला. घाम पुसला. तेवढा वेळ होता माझ्याकडे—म्हणजे तोंडून चुकून निघून गेलं असंही म्हणता येत नाही.

"शक तो मुझे भी है," मी म्हणालो.

त्याची बोलिंग तिथेच बंद झाली. डेल खुर्चीवरून उठून मैदानात आला, हातवारे करून काही समजावत राहिला, पण क्रिकेटमधलं त्याला काय कळतंय म्हणून कुणी ऐकलं नाही. मीही नाही. रियाधचे मॅनेजर चहा पिऊन निघून गेले. दीड महिन्याने इकबालच्या पासपोर्टवर कायमची घरी पाठवणारी एक्झिट लागली.

मी काय बोललो हे पंचांनी त्याला सांगितलं असेल, अशी मला भीती होती. सांगितलं होतंच. जायच्या आदल्या दिवशी तो खोलीवर आला. मला वाटलं, आता धरणार गळा. तो खाली बघत म्हणाला, "कॅप्टन, तुमी बोललाव म्हंजे असंलच. हात वाकडा हाय म्हायती होता, पण तो फेकतो ता माका कदी कळलाच नाय."

त्या क्षणी बोलता आलं असतं. दार लावलेलं होतं, ऐकायला तिसरा कुणी नव्हता. मी त्याला चहा घेतोस का विचारलं.

तो आता गावी असतो, मासळीच्या टेम्पोवर. दर ईदला फोन करतो. बोलिंग त्याने सोडली ती सोडलीच. गावच्या टीमने कितीदा बोलावलं, पण हा म्हणतो, माझा हात खोटा आहे, मी चेंडूला हात लावणार नाही. डेलचं नाव काढत नाही. त्याने वाईट सवय लावली असं त्याला वाटतं. तेही माझंच देणं.

गेल्या ईदला फोन ठेवता ठेवता म्हणाला, "कॅप्टन, त्या दिवशी सगळ्यांसमोर तुमाला माज्यापायी खरं बोलायला लागला. तुमची मान खाली गेली. माफ करा."

मी म्हणालो, "जाऊ दे रे इकबाल. केलं माफ."