डाव्या हाताचे टाके

डावरे मास्तर माप घेत कमरेपर्यंत पोचले, की अंतराळात निघालेच म्हणून समजा. चाळीस वर्षांमागच्या त्या गाजलेल्या अंतराळपटात नायकाचा चंदेरी पोशाख आपण शिवला, ही कथा ते गिऱ्हाइकाला टाचण्या लावूनच ऐकवत. बिचारं हलणार कुठे? बायको तिथेच मान खाली घालून काजं करायची. पुढे ती सहा वर्षं खोकून खोकून गेली. कथा चालूच राहिली.

आता मास्तरांचे डोळे चालले होते. वर्षअखेरीपर्यंत काय ते बघून घ्या, असं डॉक्टर म्हणाले. तेव्हा जन्मभर टोमणे मारणारी मेहुणीच टॅबलेट घेऊन आली.

"त्या सिनेमाच्या वस्तूंचा संग्रह इंटरनेटवर आहे, भाऊजी. थाप असेल तर आजच कळू द्या."

पोस्टरं झाली, पुठ्ठ्याचं यान झालं, राक्षसाचं रबरी डोकं आलं.

"हा कुठेतरी पाहिल्यासारखा वाटतो," मास्तरांकडे बघत मेहुणी म्हणाली.

मग पोशाख आला. खाली शिंप्याचं नावच नव्हतं.

"नाव राहू दे. कॉलरची आतली बाजू मोठी कर. जगाचे टाके एकीकडे कलतात, माझ्यासारख्या डावखुऱ्याचे उलटे. तीच माझी सही."

तिने फोटो मोठा केला. मास्तरांनी काचेला नाक लावलं. तिळाएवढे टाके, सगळे जगासारखे कललेले. त्यांनी बाही मागितली, मग घेर. तेच.

त्या वेळी पोशाखाचं कापड बेतून झालं आणि मास्तर काविळीने महिनाभर आडवे झाले होते. कापडावरची चंदेरी भुकटी घरभर उडू नये म्हणून बायको दारं-खिडक्या लावून शिवत बसायची. सांगता सांगता तो महिना मास्तरांच्या कथेतून कधी गळाला, त्यांनाही कळलं नव्हतं.

"तुमचेच ना?"

"तुझ्या बहिणीचे."

मेहुणी हसली नाही. "तिने तेव्हाच सांगितलं होतं मला. म्हणाली, सांगू दे त्यांना, बरं वाटतं."

"मग इतकी वर्षं गप्प बसलीस, ती आजच का दाखवायला आलीस?"

"डोळे आहेत तोवर."

टॅबलेटची काच विझली. मास्तरांनी चाचपडत बोट टेकवलं, तर पोशाखाऐवजी रबरी डोकं उघडलं. मागे कसं जायचं ते त्यांना ठाऊक नव्हतं, आणि मेहुणीने हात पुढे केला नाही.